गाडी आली की पळायचं

“पुस ते. तुन्हाच पदरघाई पुस.”

माझ्याच पदराने. नगरपालिकेच्या अतिक्रमण पथकातल्या त्या माणसाने बुटाने माझी पाटी उलटी केली होती आणि सीताफळं डांबरावर फुटली होती. घाण कुणाची? माझी. मी गुडघ्यांवर बसले आणि भर बाजारात पदराने रस्ता पुसू लागले. बिया बोटांना चिकटत होत्या. समोरच्या कापडदुकानातले शेठ गल्ल्यावर बसून बघत होते. रोज सकाळी माझ्याकडूनच दाबून दाबून फळ निवडणारे शेठ. मला वाटलं, आता तरी काही बोलतील. बोलले.

“त्या कोपरामा ऱ्हायनं देख.”

मी तो कोपराही पुसला. शेजारी आई बसली होती, तिने मान वर केली नाही. मला राग यायला हवा होता. आला नाही. नुसती भीती होती, की आता उरलेला मालही नेतील.

आम्ही मोलगीकडच्या डोंगरातल्या. सीताफळं, आमचूर, मोहाची फुलं, ज्या दिवसांत जे निघेल ते जीपमधून घेऊन तालुक्याच्या गावी उतरायचं आणि रस्त्याच्या कडेला गोणपाट टाकून बसायचं. आईने मला धंद्यातली पहिली गोष्ट शिकवली ती भाव नव्हे, दोरी. गोणपाटाच्या चारी टोकांना भोकं पाडून दोरी ओवायची आणि ती हाताशी धरूनच बसायचं. नगरपालिकेची अतिक्रमणाची गाडी दिसली की एक हिसका. पोटली डोक्यावर, आणि गल्लीत पळायचं. चपला राहिल्या तर राहिल्या. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात, आमच्यापाठी ही गाडी. लग्नघरातही हॉर्न वाजला की आई ताटावरून उठून उभी राहायची आणि आम्ही पोरी हसायचो.

मग एकदा गाडी वेगळ्याच कामाला आली. आतून पोरं उतरली, हातात मोबाइल, गळ्यात ओळखपत्रं. आम्ही ते थोडंच बघत बसलो! गाडी तीच, ड्रायव्हर तोच. हिसका दिला आणि पळालो. पोरं मागून ओरडत होती, “ओ मावशी, थांबा, थांबा!” आम्हाला वाटलं, आज फारच चेकाळलेत. आणखी जोरात पळालो. गल्लीच्या टोकाला धापा टाकत बसलो तेव्हा आम्ही स्वतःवर खूश होतो. कुणाचंच काही गेलं नव्हतं.

काय गेलं ते पुढे कळलं. बचत गटाच्या बैठकीत एक ताई आल्या होत्या. म्हणाल्या, रस्त्यावर विकणाऱ्यांसाठी कायदा आहे. सगळ्या विक्रेत्यांची मोजणी करायची, त्यांना प्रमाणपत्र, म्हणजे विक्रेत्याचं कार्ड, द्यायचं. ते होईपर्यंत कुणालाही उठवायचं नाही. माल जप्त केला तर काय नेलं ते लिहून द्यायचं, नासणारा माल मागितला त्याच दिवशी परत करायचा. मी विचारलं, मग आम्हाला का नाही मोजलं?

“मोजायला गेले होते ना. हातगाडीवाले सापडले. खाली बसणाऱ्या बाया जागेवर नव्हत्या.”

ती मोबाइलवाली पोरं! बैठकीत कुणीतरी फिसकन हसलं. मला हसू आलं नाही. ज्यांनी आयुष्यभर पळायला लावलं, त्यांनीच वर लिहून टाकलं की या जागेवर नव्हत्या. चोराच्या उलट्या बोंबा. रस्ता पुसताना जो राग आला नव्हता, तो तेव्हा आला.

ताई म्हणाल्या, राहिलेल्यांची पुन्हा मोजणी होईल. कधी? ते सांगता येत नाही. कोणत्या गाडीतून येतील? गाडी एकच आहे, म्हणाल्या.

आज सकाळी गाडी आली. रांगेतल्या बायांनी दोऱ्या ओढल्या. आई केव्हाच उभी होती. “ऊठ पोरी, ऊठ!” ती आमच्या बोलीत ओरडली आणि पळाली. माझा हात आपोआप दोरीवर गेला. मोजायला आलेत की उचलायला, हे गाडीचं दार उघडल्याशिवाय कळणार नव्हतं. आणि दार उघडल्यावर पळायला वेळ मिळत नाही. मी दोरी सोडली. दोन्ही हात मांडीखाली दाबून बसले.

दार उघडलं. मोजणारी पोरं नव्हती. माझी पाटी उलटवणारा तोच माणूस होता.

“ऊठ! आयकू येत नही का तुले?”

“नाही उठणार.”

“कार्ड शे का तुन्हाजोडे?”

“नाही. मोजायला आलात तेव्हा मी पळाले होते. आता बसलेय. मोजा.”

आवाज इतका कापत होता की त्याला नीट ऐकू तरी गेलं की नाही कोण जाणे. त्याने मालासकट गोणपाट ओढलं आणि गाडीत फेकलं. मी म्हटलं, “काय नेलं ते लिहून द्या.” तो ड्रायव्हरकडे बघून हसला. “लिखी दे म्हने!”

दुपारी मी नगरपालिकेत माल मागायला गेले. साहेब जेवायला गेले होते. मी पायऱ्यांवर बसले. साहेब संध्याकाळपर्यंत जेवत होते. सीताफळं काही साहेबांसाठी थांबत नाहीत.

आता आई शेजारी बसून रडते आहे. म्हणते, उद्या दुसऱ्या रस्त्याला बसू, तुला मारतील. मारतीलही. मला भीती वाटते, खोटं कशाला बोलू? पण भीती जाईल मग बसेन म्हटलं तर बसायच्या आधी म्हातारी होईन.

उद्या मी त्याच रस्त्यावर बसणार. माल नसेल तर नुसती बसेन. गाडीतून कोण उतरेल मला माहीत नाही. कुणीही उतरो. त्यांच्या कागदावर माझ्यापुढे पुन्हा ‘जागेवर नव्हती’ असं लिहू देणार नाही.