द्वारपालाच्या घरचा नट

आमच्या थोरल्या साडूंएवढा मोठा नट पोलादपूर तालुक्यात झाला नाही, आणि हे ठाऊक असलेली माणसंही तालुक्यात फारशी झाली नाहीत. मुंबईच्या रंगभूमीवर आणि मालिकांत त्यांनी जन्मभर न्यायाधीश, डॉक्टर आणि नायिकांचे बाप केले. दुसऱ्या अंकात यायचे, तिसऱ्याच्या आत जायचे. पण चार वाक्यांची भूमिकासुद्धा अंगात भिनवण्यासाठी हा गृहस्थ घरच्यांचा जीव नकोसा करी. एकदा हृदयरोगी करायचा होता, तेव्हा महाडला आमच्याकडे आले ते जिन्यात बसत बसतच वर चढले. माझ्या बायकोने घाबरून रिक्षा बोलावली, तर म्हणाले, "छान घाबरलात. म्हणजे जमलं म्हणायचं." मालिकेत डॉक्टर झाल्यावर पोलादपूरच्या स्टँडवर म्हाताऱ्या त्यांना गुडघे दाखवू लागल्या. हे चक्क वाकून बघायचे आणि सांगायचे, "मीठ कमी खा गो." गुडघ्याला मीठ काय करतं देव जाणे, पण म्हाताऱ्या समाधानाने एसटीत चढायच्या.

एवढं करून या माणसाला हवं होतं ते एकच. डोंगरावरच्या आपल्या वाडीत, जत्रेच्या पौराणिक नाटकात, एकदा राजा व्हायचं. आता वाडीचा रिवाज असा, की गावकीने, म्हणजे वाडीतल्या जाणत्यांच्या बैठकीने, पात्रं घराघरांत वाटलेली. राजा वरच्या घराचा, प्रधान माळावरच्या घराचा, आणि साडूंच्या घराचा मान द्वारपालाचा. आजाने भाला धरला, बापाने धरला, म्हणून हेही शूटिंग सोडून भाला धरायला यायचे. वरच्या घरचा राजा वाक्यं विसरायचा आणि द्वारपाल त्याला ती मागून हळूच पुरवायचा. मी एकदा न राहवून म्हणालो, "एवढे नट आहात, मागा की राजा." तर म्हणाले, "नट मागंल हो. द्वारपालाच्या घरानं कसा मागायचा? गावकी हाय ना." हे सांगताना ते हसले.

यंदा गावकीनेच निरोप धाडला. वरचं घर कायमचं मुंबईला गेलं, आता राजा तुम्हीच करा. साडू मला घेऊन निघाले. वाडीत बघतो तर निम्म्या दारांना कुलपं. द्वारपालाला माणूस नाही; साडूंच्या मुलाला पुण्याहून रजा मिळाली नव्हती. गावकीतले एक आजोबा म्हणाले, "गाळूया द्वारपाल." साडू ऐकेनात. मुकुट घालून पडद्याआड उभे राहिले, आधी बापाच्या आवाजात स्वतःच्याच आगमनाची ललकारी दिली आणि मग राजा होऊन बाहेर आले. काय तो राजा. समोर मोजक्या म्हाताऱ्या, पण एकीचाही पदर कोरडा राहिला नाही.

नंतर तोंडाचा रंग पुसायला मी खोबरेल घेऊन बसलो आणि म्हणालो, "झालात एकदाचे राजा." डोळे मिटूनच ते म्हणाले, "लय वर्षं मागत होतो देवाकडं. भरल्या वाडीत पायजे, येवढं सांगायचं राह्यलं बघा." मी त्यांच्या कानामागचा रंग पुसत राहिलो.