निळ्या दाराची नोंद

रविवारी सकाळी आम्ही बाराजण टोप्या घालून शहराच्या टोकाचं जुनं गावठाण पायी बघायला गेलो. माहिती सांगणारी मुलगी मोठी उत्साही होती. ती बोट दाखवायची आणि आम्ही माना वर करून कौलं, कोनाडे, दारावरची वेलबुट्टी बघायचो. मी तर वहीच काढली होती. जुनं काही दिसलं की लिहून ठेवायची खोडच आहे मला.

गल्ली मात्र गप्प होती. आम्ही पुढे सरकलो की मागे एकेका दाराची कडी लागत होती.

निळ्या दारातून एक म्हातारी बाहेर आली. हातातल्या प्लास्टिकच्या पिशवीतून तिने लाइटबिल, रेशनकार्ड, घरपट्टीच्या पावत्या काढून माझ्यापुढे धरल्या. "समदं हाय बघा. मी एकलीच असते. लिवून घ्या."

"आजी, आम्ही मोजणीवाले नाही," मी ओशाळून म्हणालो. "नुसतं बघायला आलोय."

"पल्याडच्या आळीतबी नुसतं बघायलाच आलते."

पल्याड आता आळी नव्हती. पत्र्याचं उंच कुंपण होतं आणि त्यावरून क्रेनची मान डोकावत होती.

एखाद्या गोष्टीचे दिवस भरले की मगच आपण तिच्याकडे इतक्या मायेनं बघतो, की आपण असं बघू लागलो म्हणूनच ते भरतात?

घरी येऊन वही उघडली. निघताना सवयीनं खरडलेलं माझंच अक्षर होतं: तिसरं घर. निळं दार. भिंती मातीच्या. म्हातारी एकटीच राहते.