आयत अत्तांची यम्मा व्हरमाँटमध्ये

१९८५च्या ऑक्टोबरात एका शनिवारी सकाळी आम्ही तिघी माझ्या जुन्या गाडीने अमेरिकेतल्या वूस्टरहून व्हरमाँटला निघालो. मी, माझी रूममेट फादमा आणि मोरोक्कोहून लेकीला भेटायला आलेली तिची आई. फादमा तिला यम्मा (आई) म्हणे, म्हणून मीही. यम्मा आयत अत्ता या बर्बर मेंढपाळ जमातीची. 'बर्बर' हे बाहेरच्यांनी दिलेलं नाव. ते स्वतःला इमाझिघन (स्वतंत्र माणसं) म्हणवतात, हे फादमाने पहिल्याच आठवड्यात मला बजावलं होतं. व्हरमाँटच्या एका छोट्या संग्रहालयाने यम्माला विणकाम दाखवायला बोलावलं होतं.

मागाच्या काठ्या टपावर बांधल्या होत्या. हायवेवर गाठ सुटली आणि एक काठी पडून मागच्या ट्रकखाली मोडली. मी रडकुंडीला आले. यम्माने मात्र पुढच्या गॅस स्टेशनवर झाडूचे दांडे दाबून पाहिले आणि त्यातला एक निवडला.

"तंबूचे खांबही वाटेत मोडायचे," ती तिच्या भाषेत म्हणाली, फादमाने मला इंग्रजीत सांगितलं. "आम्ही पहिलं सरळ झाड शोधायचो."

व्हरमाँटमध्ये झाडं लाल-केशरी झाली होती. यम्माचं लक्ष गवताकडे. "इतकी हिरवळ आणि जनावर एक नाही! हे अग्दाल आहे का?"

अग्दाल म्हणजे ठरलेल्या दिवसापर्यंत चराईला बंद ठेवलेलं कुरण, फादमाने मला सांगितलं. तो दिवस उजाडला की कळप आणि काळे तंबू घेऊन कुटुंबं उंच अ‍ॅटलास पर्वतावर चढतात, थंडीत सघ्रोच्या डोंगरात उतरतात. पूर्वी जमातीचा प्रमुख दरवर्षी नवा निवडत, आळीपाळीने वेगळ्या कुळातला, आणि वर्ष हिरवं जावं म्हणून त्याच्या फेट्यात गवत खोचत. हे सगळं ऐकत आम्ही खजूर खाल्ले, थर्मासमधला पुदिन्याचा चहा प्यायलो.

संग्रहालयात चाळीसेक माणसं जमली होती. यम्मा ताणा बांधत असताना संयोजक बाई हसत म्हणाल्या, "आधी जरा नाचून दाखवतील का? लोकांना आवडेल."

फादमाने हळूच भाषांतर केलं. यम्माने सूत खाली ठेवलं आणि ती उभी राहिली. ती बोलत गेली, फादमा वाक्यावाक्याने इंग्रजीत सांगत गेली.

"मी लहान असताना फ्रेंचांनी सघ्रोत आम्हाला वेढलं. वरून विमानं, खालून तोफा. पाण्याची वाट त्यांच्या ताब्यात. माझी आई कातडी पिशवी घेऊन गोळ्यांतून पाणी आणायची. एक दिवस ती परत आली नाही. शेवटी आमच्या माणसांनी बंदुका खाली ठेवल्या, पण अटी घालून. आमच्या बायकांना फ्रेंच साहेबांच्या मेजवानीत नाचायला लावायचं नाही, ही त्यातली एक. आम्ही लग्नात नाचतो. कुणी सांगितलं म्हणून नाचत नाही."

शेवटचं वाक्य सांगताना फादमाची मान ताठ होती. आता आम्हाला परत पाठवतील असं वाटून मी गाडीच्या किल्ल्या मुठीत धरल्या.

शरमेने लालबुंद झालेल्या त्या बाई पुढे आल्या आणि मागाशेजारी जमिनीवर बसल्या. "मला माहीत नव्हतं. माफ करा. मला विणायला शिकवाल?"

यम्माने क्षणभर त्यांच्याकडे पाहिलं आणि सूत ठोकायचा जड लोखंडी कंगवा त्यांच्या हातात दिला. दोन तास कुणी जागचं हललं नाही. "हे कुणाकडून शिकलात?" एका म्हाताऱ्याने विचारलं. आई गेल्यावर आजीने शिकवलं, असं सांगून यम्माने आजी, पणजी, खापरपणजी अशी सात बायकांची नावं न अडखळता घेतली.

परतीच्या वाटेवर तिने मला विचारलं, "तुझ्या आईची आई कोण?"

"कमल."

"तिची?"

"सरस्वती."

"तिची?"

ते नाव मला कधी कुणी सांगितलंच नव्हतं. यम्माने माझ्या खांद्यावर थोपटलं, हसली नाही.

घरी पोचल्यावर आईला पत्र लिहिलं. दरवेळी अमेरिकेची वर्णनं असत. या वेळी एकच प्रश्न होता. महिन्याने उत्तर आलं: "सरस्वतीची आई भागीरथी. अक्षरओळख नव्हती, पण घोटभर चाखून पाणी कुठल्या विहिरीचं ते सांगायची. गावात नवी विहीर खणली की पहिला पेला तिच्या हातात देत."

ते मी फादमाला मोठ्याने वाचून दाखवलं. आपल्या घरातल्या कुणाबद्दल परदेशात इतक्या तोऱ्यात मी पहिल्यांदाच बोलत होते.