दांड्यावरची दोन बोटं

आमची काकू बहिरी आहे, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. किती बहिरी आहे, याचा पत्ता मात्र त्या रविवारी लागला. आणि काय रविवार होता तो! आठवलं की अजून मी जागच्या जागी उड्या मारते.

काकूची उमेदीची वर्षं कापडगिरणीत गेली. मागांच्या खडखडाटात तिथं कुणाचं कुणाला ऐकू येत नसे. बायका एकमेकींच्या ओठांवरून बोलणं ओळखायच्या आणि नुसता हात टेकवून माग कुरकुरतोय की नाही ते सांगायच्या. त्या खडखडाटानंच काकूचे कान नेले. पण ती रडत बसणारी बाई नव्हे. समोरून बोला, पटापट उत्तर देते, वर दोन टोमणेही मारते. मागून बोललात तर भिंतीशी बोलल्यासारखंच.

तिचा सगळा जीव एका भांड्यात. अंडी वाफवायचं जाड बुडाचं भांडं: खाली पाणी, वर चार भोकांची चकती, भोकांत चार वाट्या, वर झाकण. वाटीला लोणी लावायचं, अंडं फोडून घालायचं आणि बलक मऊ असतानाच उतरवायचं. खालच्या पाण्यात काकू एक काचेची गोटी टाकायची. पाणी उकळलं की ती टणटण नाचायची. काका, म्हणजे निवृत्त बसड्रायव्हर आणि अट्टल झोपाळू, त्या आवाजानं उठून थेट टेबलाशी यायचे. एवढी टणटण तर काकूलाही ऐकू येत असणार, त्यावरूनच ती पाण्याचा अंदाज घेत असणार, असं आम्ही धरून चाललो होतो.

मग एकदा भांडं करपलं. त्या दिवशी काकांचा चष्मा हरवला होता. त्यांनी घर डोक्यावर घेतलं आणि काकूला दंडाला धरून चष्मा शोधायला नेलं. तो त्यांच्याच खिशात सापडला, पण तोवर पाणी आटून घरभर धूर. काका घाबरले, आणि घाबरले की ते ओरडतात.

"गोटी वाजायची थांबली, तेसुद्धा कळत नाही तुला आता! उद्यापासून गॅसला हात लावायचा नाही!"

दुसऱ्या दिवसापासून काकू स्वयंपाकघराच्या दारात पाहुणीसारखी उभी राहायला लागली, आणि मी रबरासारखी अंडी करत राहिले. मला ते बघवेना. काकांशी मी अगदी हमरीतुमरीवर आले. शेवटी ठरलं: रविवारी परीक्षा. बलक मऊ निघाला तर गॅस काकूचा. कडक निघाला, कच्चा राहिला किंवा करपला, तर कायमचा माझा.

रविवारी काका चष्मा लावून ओट्यापाशी हजर. काकूनं पाणी ओतलं, अंडी फोडली, गॅस पेटवला, भांड्याच्या लाकडी दांड्यावर दोन बोटं टेकवली आणि डोळे मिटून घेतले. डोळेच मिटले! म्हणजे आता आमचे ओठही दिसायचे बंद. माझा जीव टांगणीला लागला.

झाकणाच्या कडेनं वाफ सुटली. गोटी गप्प. "नुसती वाफ आहे," काका म्हणाले. "गोटी वाजल्याशिवाय उकळलं म्हणायचं नाही." वाफ वाढली, गोटी गप्पच. आणि काकूनं खटकन गॅस बंद केला.

"अगं, थांब! कच्ची राहतील!" काका ओरडले. मिटल्या डोळ्यांपुढे ओरडून काय उपयोग!

तिनं एक वाटी बशीत उपडी केली आणि चमच्यानं टोचलं. पांढरा भाग घट्ट, आणि आतून पिवळाधमक बलक बशीभर पसरला! मी अशी किंचाळले की शेजारच्यांनी खिडक्या उघडल्या. काकूनं मानही वर केली नाही. ती दुसरी वाटी काढत होती.

काका तिच्या समोर आले. "पण गोटी? गोटी तर वाजलीच नाही!"

काकूनं गाऊनच्या खिशातून गोटी काढून दाखवली. "वाजेल कशी? ही इथं आहे. मला ती कधीच ऐकू आली नाही, अहो. पाणी मला बोटांना कळतं. त्या दिवशी तुम्ही दांड्यावरचा हात सोडायला लावलात, म्हणून करपलं."

"मग इतकी वर्षं टाकत कशाला होतीस?"

"तुमच्यासाठी. हाक मारली तर तुम्ही ओ दिलीत की नाही, ते मला कुठं कळायचं? गोटी टाकली की तुम्ही उठून येता."

काकांनी तिच्या तळहातावरची गोटी घेतली आणि परत तिच्याच मुठीत दाबली. ओरडले मात्र नाहीत. तिला दिसतील असे ओठ सावकाश हलवत म्हणाले, "उद्या टाक हं. मी ओ देईन. इथं, समोर येऊन."