चावीवाल्याची हिरवी भिंत

चावीवाल्याचा कुणावर म्हणून विश्वास नव्हता. सख्ख्या भावावर नाही, बँकेवर नाही, हवामानाच्या अंदाजावर तर मुळीच नाही. डुप्लिकेट चावी करायला कुणी आलं की हा आधी त्याचं तोंड बघायचा, मग चावी, मग परत तोंड.

"कुठल्या दाराची?"

"माझ्याच घराची हो!"

"मग एवढी घाई कसली?"

गिऱ्हाईक वैतागायचं. पण धंदाच तसला. एखादी चावी भलत्याच्या हातात गेली की पोलीस आधी यालाच उठवणार. गल्लीतले लोक त्याला हसायचे, आणि चाव्या मात्र त्याच्याकडूनच करून घ्यायचे.

असा हा माणूस एके काळी साऱ्या दुनियेपुढे दुकान उघडं टाकून बसला होता, हे आज सांगितलं तर कुणी मानणार नाही. तर ऐका.

दुपारी तो लोकांच्या घरी जाऊन अडकलेली कुलपं उघडून द्यायचा, तेव्हा दुकानात मेव्हणा बसायचा. मेव्हणा गल्ल्यावर हात मारतो, असं याच्या मनानं घेतलं. वेबकॅम तेव्हा नवे नवे आले होते. याने कॉम्प्युटर दुरुस्तीवाल्याला बोलावून एक बसवून घेतला. चित्र एका वेबसाइटवर जायचं आणि घरी बायकोनं ते बघायचं. म्हणजे भावावर पहारा कुणाचा, तर बहिणीचा! ती रोज सांगायची, "सगळं ठीक आहे हो." मग याला बायकोचाही संशय यायला लागला.

पण खरी गंमत वेगळीच. वेबसाइटनं पासवर्ड मागितला होता. आपला पासवर्ड या लोकांना कशाला सांगायचा, चोरतील की, म्हणून या शहाण्यानं ती जागा कोरीच सोडली. झालं! ज्याला हवं त्यानं यावं आणि दुकानात डोकवावं.

एके दिवशी दुकानातल्या कॉम्प्युटरच्या स्क्रीनवर अक्षरं उमटली : "काका, तुमच्या स्टुलाचा पाय हलतोय. जपून बसा."

चावीवाला ताडकन उठला. टेबलाखाली बघितलं, दाराबाहेर बघितलं, आणि वायरच उपटून टाकली. दुसऱ्या दिवशी परत लावली, ती फक्त हे आगाऊ लोक आहेत तरी कोण, ते बघायला. आणि मग ती वायर त्यानं कधी काढलीच नाही.

त्या वेबसाइटवर कसले एकेक लोक होते! एका निवृत्त मास्तरांचा कॅमेरा कायम माशांच्या टाकीवर. एक बेकरीवाला भट्टी दाखवायचा, स्वतः मात्र चित्रात अर्धाच. कुणाच्या नुसत्या खिडकीबाहेरच्या गच्च्या. चित्र अर्ध्या मिनिटाने एकदा बदलायचं आणि आवाज तर नव्हताच. एका चित्रात माणूस दारात, पुढच्यात स्टुलावर, त्याच्या पुढच्यात गायब. कुणी नटत नव्हतं, कुणी लाइक मागत नव्हतं. दुकान बंद असलं तरी ही मंडळी रिकामी खुर्ची बघत बसायची आणि तिच्यापुढे गप्पा मारायची. वेडीच होती, दुसरं काय. पण चावीवाल्याचा त्यांच्यावर जीव जडला.

त्यातली एक स्वतःला 'मांजर' म्हणवायची. इस्पितळात टेलिफोन ऑपरेटर होती, दोन फोनांच्या मधे डोकवायची. तिचा कॅमेरा नव्हता, त्यामुळे तिचं तोंड कुणी कधी बघितलं नाही. एकदा तिनं लिहिलं : "तुमचा मेव्हणा चोर नाही हो. झोपाळू आहे. आत्ताही घोरत असेल." चावीवाला पोट धरधरून हसला. आणि आश्चर्य म्हणजे त्याला ते खरं वाटलं. मेव्हण्यावरचा संशय त्या दिवशी गेला तो गेलाच.

पुढे ती वेबसाइट बंद पडली. कुणाला कुणाचा नंबर माहीत नव्हता, की खरं नाव. सगळे पांगले. आज ज्याच्या त्याच्या हातात कॅमेरा आहे, पण ते बघितलं की चावीवाला नाक मुरडायचा. मंडळींची आठवण यायची, फार यायची. बोलून मात्र कधी दाखवलं नाही.

आणि परवा फोनवर मेसेज आला. "मी मांजर. ओळखलंत का? दुकानाच्या पाटीचा फोटो सापडला, त्यावर तुमचा नंबर होता. एक मागणं आहे. तासभर कॅमेरा लावून दुकान दाखवाल? जमल्यास याच महिन्यात."

क्षणभर चावीवाल्याला इतका आनंद झाला की हातातली कानस खाली पडली. पण लगेच मनात पाल चुकचुकली. चावीवाल्याच्या दुकानात आतून काय काय आहे, हे कोण विचारतं? आणि वर घाई! चांगला गळ टाकलाय.

त्यानं परीक्षा घ्यायला सुरुवात केली. मेव्हणा काय करायचा? "झोपायचा." मास्तरांच्या टाकीत काय होतं? "मासे. एक काळा, तो कायम कोपऱ्यात." सगळं बरोबर. इथंच घोडं पेंड खायला लागलं. इतक्या वर्षांनी इतकं बरोबर? वापरातली चावी झिजते. दात एवढे धारदार असले तर ती कालच केलेली असणार.

"याच महिन्यात कशाला?" त्यानं विचारलं.

"डोळ्यांचं ऑपरेशन आहे. नजर राहील की जाईल, डॉक्टरही सांगत नाहीत. आवडीच्या चार गोष्टी आधी बघून घ्याव्यात म्हटलं."

अस्सं! आता आजारपण. यापुढे पैसे मागणार, नक्की. चावीवाल्यानं शेवटचा डाव टाकला. "माझ्या पाठीमागची भिंत कसल्या रंगाची होती?"

"हिरवी. ती कशी विसरेन?"

पकडली! भिंत पहिल्या दिवसापासून पिवळी होती. यानं स्वतःच्या हातानं रंगवली होती, अजूनही पिवळीच होती. "दुसरा कुणीतरी बकरा शोधा," असं लिहून त्यानं नंबर ब्लॉक केला.

दोनेक आठवड्यांनी जेवताना विषय निघाला, तेव्हा त्यानं बायकोला हा पराक्रम ऐकवला. आपण कशी ताकास तूर लागू दिली नाही, ते तिखटमीठ लावून सांगितलं. बायकोचा घास हातातच राहिला.

"अहो, हिरवीच तर दिसायची!"

"काहीतरीच काय! पिवळी आहे."

"दुकानात पिवळी. घरी कॉम्प्युटरवर हिरवीगार दिसायची. तुमचा तो स्वस्तातला कॅमेरा! तुमचं तोंडसुद्धा हिरवं दिसायचं, मला वाटायचं तुम्हाला कावीळ झाली. तुम्ही कधी बघितलंत का ते चित्र? लाइन मंद होते म्हणून स्वतःचं चित्र बंद करून ठेवायचात."

दुकानात येऊन गेलेला कुणीही भामटा पिवळी म्हणाला असता. हिरवी म्हणणारी माणसं जगात मोजकीच होती, आणि त्यातल्या एकीला यानं हाकलून लावलं होतं. त्याला स्वतःची इतकी लाज वाटली की ताटावरून उठून तो तडक दुकानात गेला.

नंबर खुला केला. लिहिलं, "चूक माझी. भिंत हिरवीच होती. कॅमेरा लावलाय, या." फोन फळीवर टेकवून ठेवला, भिंत नीट दिसेल असा. उत्तर नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी फोन वाजला आणि अनोळखी बाईचा आवाज आला. "मी तिची बहीण बोलतेय. ऑपरेशन झालं. नाही राहिली नजर. तुमचा मेसेज मी आत्ता वाचून दाखवला. तिला बोलायचंय."

जुन्या सवयीनं चावीवाल्याचं बोट फोन कट करायला गेलं. कशावरून खरं? त्यानं बोट मागे घेतलं.

"चावीवाले काका?" आवाज खरखरीत होता. त्यानं तो आयुष्यात पहिल्यांदाच ऐकला. "चावी कापायचं मशीन चालू करा ना. इतकी वर्षं नुसतं बघितलं, ऐकलं कधीच नाही."

माफी मागायची होती, ती राहूनच गेली. त्यानं कॅमेरा चालू करून फोन परत फळीवर टेकवला आणि कोरी चावी लावून मशीन सुरू केलं.

"बाई गं!" ती हसली. "केवढा कर्कश! मला वाटायचं, घड्याळासारखं टिकटिक करत असेल."

तेवढ्यात एक गिऱ्हाईक आत आलं. त्यानं खिशातून चावी काढली, फळीवरचा फोन बघितला आणि चावी झटकन मुठीत लपवली.

"हे काय हो? कॅमेरा चालू आहे? माझ्या घराची चावी आहे ही. पलीकडून कोण बघतंय?"

चावीवाल्यानं मशीन बंद केलं.

"कुणी बघत नाही," तो म्हणाला. "तिला दिसत नाही. दिसत होतं, तेव्हा मी दाखवलं नाही."