रशीदभाईचा रिकामा डबा

रशीदभाई गेल्याचा फोन आला तेव्हा मी दारव्ह्याजवळच्या एका लग्नात माईक धरून उभा होतो, आणि समोर त्याच्याच गाण्यावर दोन हजार माणसं नाचत होती. बरं, दोनशे. पण धूळ दोन हजारांची होती. मी डीजेवाल्याला हातानं खूण केली, बंद कर. त्याला वाटलं, वाढव म्हणतोय... त्यानं वाढवलं. आणि त्या भिंतीएवढ्या खोक्यांतून माझाच जुना आवाज माझ्या अंगावर आला, "घरी चाला वं बायांनो, घरी चाला!" अख्खा मांडव तेच ओरडत उड्या मारत होता. घरी कोणीच जात नव्हतं.

राळेगावच्या बसस्टँडमागे रशीदभाईचं रेडिओ-टेप दुरुस्तीचं दुकान. माणूस असा की मेलेला रेडिओ त्याच्या हातात दिला तर उद्याच्या बातम्या आज सांगायचा. लग्ना-जयंत्यांना भोंगे त्याचे, गळा माझा. एकदा कोणा पाहुण्यानं सोडलेली परदेशी कॅसेट त्याच्या हाती लागली. नुसते ढोल, पण असे धावणारे की ऐकणाऱ्याला धाप लागावी. या प्रकाराला तिकडे 'जंगल' म्हणतात, असं वेष्टनावर लिहिलेलं. रशीदभाई खो खो हसला. "याले जंगल म्हनते? हा बाप्पा जंगलात गेलता का कधी?" मग त्यानं ती पुन्हा लावली. "भीमराव, पन पळून राह्यलं पाहा कोनीतरी. मागं काहीतरी लागल्यासारखं."

आमच्याकडे कापूस वेचताना धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, तेलाचा रिकामा डबा ठेवतात. वाघ दिसला की ज्याला दिसला त्यानं तो ठरलेल्या ठोक्यांत वाजवायचा. ते ठोके कानी आले की कमरेला बांधलेल्या ओट्यातला कापूस तिथंच टाकून बायांनी गोळा व्हायचं आणि गावाकडं निघायचं. विचारायचं नाही, मागं पाहायचं नाही. आमच्या आज्यांच्या आज्यांपासून हे असंच. रशीदभाईनं तो डबा टेप केला, दुप्पट वेगानं पळवला, खाली परदेशी ढोल घातले आणि वर माझी 'घरी चाला'ची हाक टाकली. डोक्यावरचे केस उभे राहिले, आणि मला तर तेव्हाही टक्कल होतं.

कॅसेटवर नाव नव्हतं, गाव नव्हतं. काळीपिवळी जीपवाल्यांनी ती हातोहात नेली. मी चहाच्या टपऱ्यांवर सांगत सुटलो की यात खरा वाघ गुरगुरतो, आम्ही झाडावर तीन दिवस उपाशी बसून टेप केलाय. गुरगुरत होता तो रशीदभाईचा कूलर. त्या वर्षांत कापसाला कोणी विचारत नव्हतं, माणसांना नाचायला काहीतरी हवंच होतं. गाणं पुसदला गेलं, नागपूरला गेलं, मग कोणा मोठ्या कंपनीनं भलत्याच नावानं काढलं आणि ते रेडिओवर आलं. मी छाती काढून फिरायचो. रशीदभाई मात्र एके दिवशी बाजारातून मुकाट परतला. तिथं भांडेवाला गिऱ्हाईक जमवायला तेच ठोके वाजवत होता, आणि लोक हसत जमत होते. "हे बरं नाई झालं, भीमराव." मी म्हटलं, "भाई, तुले नाव पचत नाई."

दिवाळीनंतरची वेचणी. भर दुपार, शेतात बारा बाया, त्यांत माझी कमलाकाकू. धुऱ्यावरच्या राखणदारानं डबा वाजवला. जीव खाऊन वाजवला. पहिल्यांदा एकीनं मान हलवली, मग दुसरीनं कंबर. "वाजव रे, वाजव!" वाघ तुरीच्या ओळीतून आला. बायांच्या किंकाळ्यांनी त्यानं काकूला सोडलं, पण डावा खांदा घेऊनच सोडलं. दवाखान्यात रशीदभाई तिच्या पायाशी उभा राहिला. काकू रागावलीसुद्धा नाही. एवढंच म्हणाली, "बापू, आमी तं तुह्या गान्यावर ठेका धरला होता."

त्यानंतर त्यानं भोंगे विकून टाकले. सायकलला डबा बांधून तो गावोगाव फिरू लागला. नवे ठोके बसवले, आणि बायांना ओट्यावर बसवून शिकवायचा. अट एकच, मोबाईल बाहेर ठेवायचे. हे ठोके लग्नात नाही, बँडमध्ये नाही, गंमत म्हणूनही नाही. "ज्या आवाजावर नाचता येते, त्याचं भेव राहत नाई," म्हणायचा. जुना डबा त्यानं स्वतः मारला होता. नवा जगेल का, याच एका घोरानं त्याला शेवटपर्यंत पोखरलं. मला शिकवताना तर त्यानं माझी मानगूट धरली. "तुह्या तोंडात तीळ भिजत नाई. हे पोटात राहू देजो."

मातीनंतर त्याच्या बायकोनं, नसीमभाभींनी, त्याचा डबा मला दिला. गेल्या आठवड्यात शहरातून एक साहेब रेकॉर्डिंगचं यंत्र घेऊन आले. त्यांना जुन्या गाण्याच्या माणसाचे 'नवे ठोके' हवे होते. मी त्यांना सात प्रकार वाजवून दाखवले, प्रत्येकाची एक दंतकथा सांगितली. साहेब खूश होऊन गेले. सातही खोटे. आयुष्यभर फुकट बोललेलं खोटं त्या दिवशी कामी आलं. खरे या लेखातही नाहीत, शोधू नका.

काल दुपारी घराच्या ओट्यावर बसलो होतो, डबा शेजारी. काकूच्या शेताकडून ठोके आले. रशीदभाईचे. पाठोपाठ पांदणीच्या वाटेनं बाया आल्या, खाली पाहत, झपाझप, पुढं काकू, एक खांदा पडलेला. कोणी बोलत नव्हतं, कोणी मागं पाहत नव्हतं. मी मोजल्या, बारा. त्यांच्या मागं तूर हलत होती, आणि वारा नव्हता.

मी डबा मांडीवर घेतला आणि वाजवला. पलीकडच्या शेतातल्या बाया एकदम उठून उभ्या राहिल्या.