वहिनी सारखा अभ्रा का धुते

माझा स्वभाव संशयी आहे, मान्य. दादा तर मला फौजदारच म्हणतो. पण घरातल्या सगळ्या उशांचे अभ्रे आठवड्याला धुतले जातात आणि एकाच उशीचा मात्र दिवसाआड दोरीवर दिसतो, मग तुम्हाला नाही येणार संशय? मी शिवणकाम करते, ते अभ्रे माझ्याच हातचे. दोरीवरचा निळ्या काठाचा दादाचा होता.

"वहिनी, दादाच्या डोक्यात उवा झाल्यात का गं?"

"तेल फार लावतात हो, वन्सं," असं म्हणून ती बादली उचलून आत पळाली.

दादाला टक्कल पडून जमाना लोटला. म्हटलं, कुठेतरी पाणी मुरतंय.

दादा शाळेची व्हॅन चालवायचा. दारापुढे हॉर्न वाजवून गल्ली डोक्यावर घ्यायचा, म्हणून पोरं त्याला भोंगाकाका म्हणायची. मुलांना सोडून आल्यावर एकदा पेट्रोल पंपावर त्याला फिट आली. नशीब, गाडी उभी होती आणि रिकामी होती. परवाना गेला. नियम असा की वर्षभर एकही फिट यायची नाही, जागेपणी नाही आणि झोपेतही नाही. डॉक्टरांनी तसं लिहून दिलं, तरच परवाना परत. तेव्हापासून दादा एका गॅरेजात लोकांच्या गाड्या धुवायला जायचा. स्वतःची व्हॅन अंगणात उभी. रोज सकाळी ती चालू करायचा, आरसे पुसायचा आणि सवयीनं मान वळवून मागच्या सीटकडे बघायचा. मला भडभडून यायचं.

वर्ष सरत आलं आणि नेमकं तेव्हाच हे अभ्र्याचं सुरू झालं. त्यात भर म्हणजे, तिखटावाचून ज्याचा घास उतरत नाही तो माणूस दूधभात मागायला लागला.

"का रे दादा?"

तो तोंड उघडायच्या आत वहिनी म्हणाली, "दात तुटलाय एक. त्याची धार जिभेला लागते."

बरं. दादानं दातांच्या डॉक्टरकडे जाऊन दाताची धार घासून घेतली. थोडे दिवस गेले आणि पुन्हा दूधभात. घासलेल्या दाताला परत धार फुटली की काय?

फिट आली की जीभ चावली जाते, एवढं मलाही ठाऊक आहे. माझ्या मनानं घेतलं की नवराबायको दोघं मिळून डाव खेळतायत. मग व्हॅन पुसताना दादा घालायचा ती शीळसुद्धा मला खोटी वाटायला लागली. माझा सख्खा भाऊ, आणि उद्या लोकांची लेकरं मागे बसवून निघणार! संताप संताप झाला जिवाचा.

डॉक्टरकडे जायच्या आदल्या दिवशी वहिनीला मोरीत गाठलं. अभ्र्यावरचा डाग ती साबणानं घासत होती.

"रक्त आहे ना ते? लाज नाही वाटत? लोकांच्या पोरांच्या जिवावर उठलात दोघं!"

"दोघं नाही हो, वन्सं," ती खाली बघत म्हणाली. "त्यांना ठाऊकच नाही."

मग तिनं सगळं सांगितलं. फिट झोपेतच यायची. ती त्याला कुशीवर वळवायची, थांबेपर्यंत धरून बसायची, तोंड पुसून अभ्रा बदलायची. सकाळी त्याला काही म्हणजे काही आठवायचं नाही. अंग ठणकतंय म्हणाला, की ही म्हणायची, काल गाड्या फार धुतल्यात. दाताची गोष्टही हिचीच.

"झोपेत कुणी गाडी चालवतं का?" तिनं मलाच विचारलं. "दिवसा एकदा तरी आली का? ती व्हॅन गेली तर माणूस खचेल हो माझा."

"उद्या तू सांग. नाहीतर मी सांगेन."

दुसऱ्या दिवशी दादा कडक इस्त्रीचा शर्ट घालून निघाला, मागे आम्ही दोघी. वाटेत भेटेल त्याला सांगत होता, सोमवारपासून येतो पोरांना न्यायला. मी वहिनीवरची नजर काढली नाही. तिनं एकदाही माझ्याकडे पाहिलं नाही.

"फिट?" डॉक्टरांनी विचारलं.

"एकसुद्धा नाही, शपथेवर सांगतो!" दादा छाती काढून म्हणाला. आणि त्याच्या परीनं ते खरंच होतं.

"झोपेत काही?" हा प्रश्न वहिनीला होता.

"नाही," वहिनी म्हणाली.

डॉक्टरांनी पेन उघडलं. माझं तोंड थांबलं नाही. "दादा, जीभ दाखव."

"अहो, ही आमची फौजदार..." दादा हसत म्हणाला आणि त्यानं बायकोकडे पाहिलं. ती रडत होती. त्याचं हसू तिथंच विरलं. मग त्यानं आपणहून जीभ बाहेर काढली.

डॉक्टरांनी बॅटरी धरून पाहिलं, वहिनीला आणखी दोन प्रश्न विचारले, आणि तिनं सगळं सांगितलं तसं पेन बंद केलं. गोळ्या बदलून दिल्या. शेवटच्या फिटपासून वर्ष पुन्हा मोजायचं, म्हणाले.

बाहेर आलो. मला वाटलं, आता दादा माझ्यावर तरी ओरडेल, नाहीतर तिच्यावर तरी. तो पायरीवर मटकन बसला. वहिनीला म्हणाला, "एकटीच धरून बसायचीस? अगं, मला हाक तरी मारायचीस."

"मारत होते की," वहिनी म्हणाली. "तुम्ही ओ द्यायचाच नाहीत."